आज कोण आलं नाही?

"आज आम्ही पाचच जण होतो गं."

दर बुधवारी रात्री साडेआठच्या सुमारास अक्काचा फोन येतो आणि हे वाक्य त्यात असतेच. आकडा तेवढा बदलतो. पंधरा-वीस वर्षांपूर्वी ती 'वीस' म्हणायची, 'बावीस' म्हणायची. मग बारा झाले, आठ झाले. गेल्या वर्षभरात सहाच्या वर आकडा गेला नव्हता.

अक्का म्हणजे माझी थोरली बहीण. लग्न होऊन ती मलाजखंडला गेली आणि तिथलीच झाली. भावजी तांब्याच्या कारखान्यात फिटर होते. ते निवृत्त झाल्यावर दोघांनी टाउनशिपबाहेर दोन खोल्यांचे घर भाड्याने घेतले. मुले पुण्यात आणि बेंगळुरूला. मुले म्हणतात, आता इकडे या. अक्का म्हणते, येऊ, पण बुधवारचे काय? बुधवारी तिच्या घरी प्रार्थना असते. पाच-सहा माणसांच्या प्रार्थनेसाठी कोणी असे अडून बसते का, असे भाच्याने मला फोनवर विचारले आणि म्हणाला, "मावशी, तूच जाऊन समजाव तिला." गेल्या हिवाळ्याच्या सुट्टीत मी निघाले ती हे काम घेऊनच.

खरे सांगायचे तर समजावायला जाणारी मी स्वतः दोन वर्षे रविवारच्या उपासनेला गेले नव्हते. आई गेली त्या सुमारास आमच्या मंडळीत जागेच्या व्यवहारावरून दोन तट पडले. ज्यांच्या मांडीवर बसून मी गाणी शिकले, ती माणसे एकमेकांवर कागद फेकताना पाहिली. मंडळीचे नाव घेण्याचे कारण नाही. अशा गोष्टी कुठल्या धर्माच्या कुठल्या संस्थेत होत नाहीत? पण माझे मन उडाले. देव आहे यावर माझा विश्वास होता. माणसे जमली की तो तिथे असतो, यावरचा मात्र उडाला होता.

मिरज ते मलाजखंड

महाराष्ट्र एक्सप्रेस आपल्याकडच्या लोकांना फार तर पुण्यापर्यंत ठाऊक असते. कोल्हापूरहून सुटलेली ही गाडी शेवटपर्यंत गेली की गोंदियाला पोहोचते. मिरजेला बसले की एक दिवस आणि एक रात्र ओलांडून महाराष्ट्राच्या एका टोकाहून दुसऱ्या टोकाला उतरायचे. गोंदियाहून रेल्वेने बालाघाट, तिथून बसने घाट चढून बैहर आणि बैहरच्या पुढे मलाजखंड. रस्त्याच्या दोन्ही अंगांना सालाचे जंगल. कान्हा राष्ट्रीय उद्यानाचे मुक्की प्रवेशद्वार याच बाजूला आहे.

बालाघाट आपल्या वाचकांना परके वाटू नये. १९५६ पर्यंत नागपूर आणि बालाघाट एकाच राज्यात होते आणि राजधानी नागपूर होती. त्या वर्षी राज्यांची पुनर्रचना झाली. नागपूर-भंडारा मुंबई राज्यात आले, बालाघाट नव्या मध्य प्रदेशात राहिले. त्याच वर्षी, त्याच कायद्याने आपले बेळगाव म्हैसूर राज्यात गेले. आपल्या घरांत जशी मराठी आणि कानडी एका ताटात जेवतात, तशी तिकडे मराठी, हिंदी, पोवारी आणि गोंडी. बाजारात एक भाषा, चुलीपाशी दुसरी, हे त्यांनाही शिकवावे लागत नाही.

मलाजखंडची ओळख तांब्याची. देशातला तांब्याचा सर्वांत मोठा साठा इथे आहे. हिंदुस्थान कॉपर या सरकारी कंपनीची खुली खाण इथे १९८२ मध्ये सुरू झाली. डोंगर पायऱ्यापायऱ्यांनी कापत खाली नेलेला, मध्ये प्रचंड खड्डा. आता काम जमिनीखालच्या खाणीकडे वळले आहे. खाण सुरू झाली तेव्हा जंगलातल्या या गावी देशभरातून माणसे आली: केरळची, आंध्रची, बंगालची, छत्तीसगडची. आमचे भावजी आले गदग-बेटगेरीहून. बासेल मिशनने १८४१ साली बेटगेरीला ठाणे घातले, तेव्हापासूनच्या मंडळीतले त्यांचे घराणे. बोलणे कानडी, बायबल कानडी. अक्का बेळगावची, मराठी शाळेतली. बैहरच्या गोंड वस्त्यांत एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस मिशनचे काम सुरू झाले आणि पुढे ते मेथडिस्ट मंडळीकडे आले. तिथलेही काही जण टाउनशिपमध्ये कामाला लागले. एकमेकांची भाषा धड न येणाऱ्या या लोकांची बुधवारची प्रार्थना कोणी योजून सुरू केली नाही. एका घरी बाळ आजारी होते, शेजारचे चौघे प्रार्थनेला बसले, बाळ बरे झाले, आणि पुढच्या बुधवारी ते चौघे सवयीने पुन्हा आले. अक्का लग्न होऊन आली तेव्हा हे चालूच होते.

बुधवारची वही

मी पोहोचले त्याच्या दुसऱ्या दिवशी बुधवार होता. सात वाजता माणसे येऊ लागली. अक्का म्हणाली 'सलाम', भावजी म्हणाले 'वंदने', आणि येणाऱ्याने म्हटले 'जय मसीह की'. केरळची एक निवृत्त नर्स, छत्तीसगडचा एक तरुण ड्रायव्हर आणि त्याची बायको, त्यांचे मांडीवरचे मूल, आणि एक म्हातारी गोंड बाई. ती पूर्वी शाळेत आया होती. सगळे तिला 'मौसी' म्हणतात. घरची दोघे आणि पाहुणी मी. सतरंजीवर जागा भरपूर उरली होती.

काय झाले त्या तासाभरात? सांगण्यासारखे फारसे नाही. भावजींनी पेटी काढली. तिचा एक सूर दबलेलाच राहतो. एक गाणे हिंदीत झाले, एक मराठीत. कानडी गाणे भावजींनी एकट्याने म्हटले आणि बाकीच्यांनी टाळ्या धरल्या. बायबलमधला एक भाग वाचला. वाचणारा एक, पण प्रत्येकाच्या हातात आपापल्या भाषेतले पुस्तक. ड्रायव्हरला वाचताना एक शब्द अडला, तो त्याच्या बायकोने सांगितला. मूल रडले, तेव्हा सगळ्यांनी आळीपाळीने घेतले.

मग अक्काने एक लांबट वही उघडली आणि विचारले, "आज कोण आलं नाही?"

वही पाहून मला हसूच आले. मी कॉलेजात शिकवते. हजेरी घेणे हा माझा रोजचा उद्योग. पंचाहत्तर टक्के भरले की परीक्षेला बसता येते, एवढाच त्या हजेरीचा अर्थ. गैरहजर मुलापुढे फुली मारायची आणि पुढचे नाव घ्यायचे. रात्री सगळे गेल्यावर मी वही चाळली. तिच्यात आलेल्यांची नावे नव्हतीच. नावे होती ती न आलेल्यांची, आणि प्रत्येकापुढे कारण. 'रात्रपाळी.' 'पाय मुरगळला, गुरुवारी भाकरी नेऊन दिली.' 'माहेरी, बाळंतपण.' एका जागी लिहिले होते, 'रागावले आहेत. शनिवारी जाणे.' त्याच्या खाली वेगळ्या शाईत, 'गेलो. चहा घेतला. अजून राग आहे.' आणि दोन महिन्यांनंतरच्या पानावर ते नाव नव्हते. म्हणजे माणूस परत आला होता.

पहिले पान १९९१ चे होते. ही असली चौथी वही.

"अक्का, हे का लिहितेस गं?" मी विचारले.

"न लिहिलं तर विसरायला होतं," ती म्हणाली. एवढेच तिचे उत्तर.

भावजींनी मात्र दुसऱ्या दिवशी चहा घेताना विषय काढला. दोघे-तिघे जमले तरी मी त्यांच्यात आहे, असे येशूने शिष्यांना सांगितल्याचे मत्तयाच्या शुभवर्तमानात आहे. सभेला माणसे कमी आली की पाळक हेच वाक्य काढतात, जणू थोड्या माणसांची ती समजूत असावी. "पण तो अध्याय पहिल्यापासून वाच," भावजी म्हणाले. "अठरावा." मी वाचला. त्यात आधी गोष्ट येते ती शंभर मेंढरांच्या धन्याची. त्यांतले एक मेंढरू चुकते आणि तो बाकीची डोंगरावर सोडून त्या एकाला शोधायला निघतो. मग येते भावाने आपला अपराध केला तर काय करावे ते: आधी एकट्याने जाऊन त्याच्याशी बोल, मग एक-दोघांना घेऊन जा. दोघा-तिघांचे ते वचन येते ते यानंतर. आणि लगेच पुढे पेत्र विचारतो, भावाला कितीदा क्षमा करायची?

मी इतकी वर्षे ते वचन सुटे ऐकले होते. आपल्या जागी ठेवून वाचले तर ते संख्येबद्दल नाहीच. कळपात एक कमी आहे हे ज्यांना कळते आणि रुसलेल्याच्या दारी जे जातात, त्यांच्याबद्दल ते आहे. मोठ्या सभेत कोण आले ते दिसते. कोण आले नाही हे कळायला लहान घर लागते.

आठवड्याला एक पेनी

ही काही अक्काची नवी युक्ती नव्हे. ख्रिस्ती मंडळीची सुरुवातच घरात झाली. पौलाच्या पत्रांत अक्विला आणि प्रिस्किल्ला या तंबू शिवणाऱ्या नवराबायकोच्या घरी जमणाऱ्या मंडळीला सलाम सांगितलेला आहे. सीरियात दुरा-युरोपोस या जुन्या गावाचे उत्खनन झाले, त्यात तिसऱ्या शतकातले एक राहते घर सापडले. दोन खोल्यांमधली भिंत काढून तिथल्या ख्रिस्ती लोकांनी जमायला जागा केली होती. त्या एका खोलीत साठ-सत्तर माणसे जेमतेम मावतील. कॅथीड्रलची उंच शिखरे पुष्कळ नंतर आली.

मेथडिस्ट पंथाचा इतिहास तर या बाबतीत गमतीचा आहे. १७४२ साली इंग्लंडमधील ब्रिस्टल येथे जॉन वेस्लीच्या लोकांवर सभागृहाच्या बांधकामाचे कर्ज झाले होते. कोणीतरी सुचवले, प्रत्येकाने आठवड्याला एक पेनी द्यावी. बारा-बारा माणसांचे गट करावेत आणि एकाने दर आठवड्याला त्यांच्या घरी जाऊन पेनी गोळा करावी. जो गरीब आहे त्याची पेनी गटप्रमुखाने भरावी. गटप्रमुख घरोघरी जाऊ लागले तेव्हा पेनीपेक्षा दुसरेच काही हाती आले. अमक्याच्या घरी भांडण आहे, तमका पुन्हा प्यायला लागला आहे, तमकी आजारी आहे आणि कोणाला पत्ता नाही. वेस्लीच्या लक्षात आले, की आपण शोधत होतो ती गोष्ट हीच. पुढे घरोघरी फिरण्याऐवजी त्या बारा जणांनी आठवड्यातून एकदा एकत्र बसावे असे ठरले. कर्जवसुलीतून जन्मलेला हा 'क्लास' मेथडिस्ट चळवळीचा कणा ठरला.

आपल्या मातीलाही हे नवे नाही. बाराव्या शतकात कल्याणला बसवण्णांच्या अनुभव मंटपात नावाडी, परीट, चांभार आणि राजाचा मंत्री एका बैठकीत बसत. अध्यक्षपद अल्लमप्रभूंकडे, आणि अक्कमहादेवीसारख्या स्त्रीच्या शब्दाला तिथे मान. वारीला लाखो माणसे जातात, पण वारकरी चालतो तो आपल्या दिंडीत, आणि मुक्कामाला तो पोहोचला नाही तर त्याला शोधते ती दिंडीच. श्रद्धा वेगवेगळ्या, पण गरज एक आहे. माणसाला आपले नाव माहीत असलेली बैठक लागते.

आगगाडीच्या डब्यातले दोघे

परतीच्या वाटेवर गोंदिया स्टेशनच्या फलाटावर मला ना. वा. टिळक आठवले. नागपूरहून राजनांदगावकडे जाणारी गाडी गोंदियावरूनच जाते. १८९३ साली याच मार्गाने टिळक राजनांदगावला निघाले होते. डब्यात एक अनोळखी इंग्रज गृहस्थ भेटले. गप्पा निघाल्या त्या कवितेच्या. उतरण्यापूर्वी त्या गृहस्थांनी टिळकांना नव्या कराराची प्रत दिली आणि दोन वर्षांत तुम्ही ख्रिस्ती व्हाल असे भाकीत केले. त्या माणसाचे नाव टिळकांना कधीच कळले नाही. १० फेब्रुवारी १८९५ रोजी मुंबईत टिळकांचा बाप्तिस्मा झाला. एवढ्या मोठ्या घडामोडीची सुरुवात झाली ती आगगाडीच्या बाकावर बसलेल्या दोन माणसांच्या संगतीत.

पण आज मला टिळकांपेक्षा लक्ष्मीबाई अधिक जवळच्या वाटतात. नवरा ख्रिस्ती झाल्यावर त्यांची ताटातूट झाली. त्या पुन्हा त्यांच्याजवळ राहायला आल्या त्या आपला धर्म आणि सोवळे सांभाळूनच. त्यांचा बाप्तिस्मा झाला १९०० साली. 'स्मृतिचित्रे' वाचणाऱ्याच्या लक्षात येईल, की तो बदल घडवणारी गोष्ट व्याख्यान नव्हती. घरात येणारी-जाणारी माणसे, सांभाळायला आणलेली पोरकी मुले, कोणाच्या हातचे पाणी प्यायचे हा रोजचा प्रश्न, आणि एक दिवस त्या प्रश्नाचे ओझे गळून पडणे. देव त्यांना भेटला तो स्वयंपाकघराच्या वाटेने.

टिळकांनाही शेवटी छोट्या संगतीचीच ओढ लागली. १९१७ साली साताऱ्यात त्यांनी 'देवाचा दरबार' सुरू केला. बाप्तिस्मा घेतलेले आणि न घेतलेले, दोघांनाही त्यात जागा होती. ख्रिस्ताचे होण्यासाठी आपल्या माणसांतून उठून जावे लागू नये, ही त्यांची तळमळ होती. १९१९ मध्ये ते गेले आणि दरबार फार वाढला नाही. वाढला नाही म्हणून तो फसला असे आपण म्हणतो. अक्काच्या ओसाड होत चाललेल्या सतरंजीकडे पाहून मीही तेच म्हणणार होते.

लहान म्हणजे सोपे नव्हे

लहान बैठक म्हणजे गोडीगुलाबी, असा माझा समज अक्कानेच मोडला. "अगं, बावीस जण होतो तेव्हा बरं होतं," ती म्हणाली. "एकाशी पटलं नाही तर दुसऱ्याशेजारी बसायचं. पाचांत कुठे लपणार?" उसन्या पैशांवरून दोन घरे वर्षभर बोलत नव्हती, पण दोन्ही घरे बुधवारी येत. एक खिडकीपाशी, एक दारापाशी. एक गृहस्थ प्रार्थनेच्या निमित्ताने शेजाऱ्याचे दोष देवाला ऐकवीत. एकीला प्रार्थनेत सांगितलेली गोष्ट दुसऱ्या दिवशी नळावर ऐकू आली, ती पुन्हा आली नाही. त्या नावापुढे अक्काने कारण लिहिले आहे: 'आमची चूक.'

जर्मन धर्मशास्त्रज्ञ दीत्रिख बॉनहॉफर यांनी हिटलरच्या काळात फिंकनवाल्डे येथे तरुण पाळकांची एक छोटी शाळा चालवली. १९३७ मध्ये गेस्टापोने ती बंद केली. त्या एकत्र राहण्यावर त्यांनी १९३९ मध्ये एक लहानसे पुस्तक प्रसिद्ध केले. त्यांचे सांगणे असे, की संगतीचे जे स्वप्न आपण रंगवतो, त्या स्वप्नावर जो जास्त प्रेम करतो तो खऱ्या संगतीचा नाश करतो. मिळाली ती माणसे देवाने दिली म्हणून घ्यायची असतात.

हे मी वर्गात मुलांना सांगू शकले असते. स्वतःला सांगायला दोन वर्षे लागली. आमच्या मंडळीत भांडण झाले म्हणून मी उठून आले होते, पण मला राग कशाचा होता? माणसे माझ्या मनातल्या चित्रासारखी निघाली नाहीत याचा. भांडणाच्या दोन्ही बाजूंच्या एकाही घरी मी चहाला गेले नव्हते.

मौसीची खोली

दुसऱ्या बुधवारी सात वाजले, सव्वासात झाले. नर्सबाई आल्या, ड्रायव्हर आणि त्याची बायको आली. मौसी आली नाही. अक्काने वही उघडली आणि तशीच मिटली. "चला," ती म्हणाली. भावजींनी टॉर्च घेतला. नर्सबाईंनी पिशवीत रक्तदाब मोजायचे यंत्र टाकले. ते त्या नेहमी बरोबरच आणत. आम्ही सगळे निघालो. कडाक्याची थंडी होती. मला आपल्याकडच्या थंडीची सवय, दात वाजत होते.

मौसीची खोली गल्लीच्या टोकाला. ती अंधारात बाजेवर बसून होती. दोन दिवस ताप, चूल पेटली नव्हती. मुलगा कामासाठी रायपूरकडे, फोनमध्ये पैसे नाहीत. नर्सबाईंनी तपासले, गोळी दिली, सकाळी दवाखान्यात न्यायचे ठरले. ड्रायव्हरच्या बायकोने चूल पेटवून पेज टाकली. बसायला जागा नव्हती, म्हणून आम्ही काही बाजेच्या कडेला, काही उंबऱ्यावर. मग तिथेच प्रार्थना झाली. पेटी नव्हती. एक गाणे म्हटले, तेही मौसीला येते ते गोंडी गाणे, आणि आमच्यापैकी एकालाही ते पुरते येत नव्हते. तापलेल्या आवाजात ती एकटी म्हणत होती आणि आम्ही शेवटचा शब्द धरत होतो.

पेज पिऊन झाल्यावर तिने माझा हात धरला आणि विचारले, "बेटी, तुम्हारे यहाँ तुम नहीं आती, तो कौन पूछता है?"

मला वाटते, अक्काने तिला काही सांगितले नसावे. तिने सहजच विचारले. मला उत्तर देता आले नाही. दोन वर्षांत मला कोणी विचारले नव्हते, हे खरे. पण त्याच दोन वर्षांत आणखी किती जण दिसेनासे झाले आणि त्यांना मी विचारले नाही, हेही तेवढेच खरे. त्या खोलीत धुराने डोळ्यांना पाणी आले होते, त्यात माझे कोणाला दिसले नसेल.

देव त्या खोलीत होता का, असे कोणी विचारले तर मी प्राध्यापकासारखे सिद्ध करून दाखवू शकणार नाही. एवढेच सांगते, की बऱ्याच दिवसांनी मला तो नाही असे वाटले नाही. परतताना भावजी म्हणाले, "शंभर किलो दगड दळला की जेमतेम किलोभर तांबं निघतं. तीस वर्षं तेच पाहिलं. दगड जास्त म्हणून कुणी खाण बंद करत नाही."

परत आल्यावर

अक्काला समजवायचे राहूनच गेले. निघायच्या आदल्या रात्री तिनेच विषय काढला. "जाणार आहोत गं पुण्याला, पावसाळ्याच्या आधी. गुडघे काही ऐकत नाहीत. वही कोणाकडे द्यायची, एवढंच ठरायचं होतं." वही आता ड्रायव्हरच्या बायकोकडे आहे. तिला लिहिताना वेळ लागतो, शुद्धलेखनही कच्चे आहे, पण ती विसरत नाही. बुधवारची बैठक मौसीच्या खोलीत हलली आहे, कारण मौसीला आता फार चालवत नाही. अक्का-भावजी गेले, की उरतील चौघे आणि ते मूल.

वाचकहो, आपल्या भागातली जुनी मंडळी बेळगावची असो, मिरजेची, सोलापूरची वा गदगची, तिच्या यादीत आज जेवढी नावे आहेत तेवढी माणसे बाकांवर नसतात. मुले पुण्या-बेंगळुरूला, म्हातारी घरात. ज्यांचा धर्म वेगळा आहे त्यांनी आपले भजनी मंडळ, आपली शरणांची बैठक, आपला महिला संघ डोळ्यांपुढे आणावा. सभागृह बांधायला वर्गणी गोळा होते आणि ती व्हावीही. पण कोण आले नाही हे विचारायला वर्गणी लागत नाही. त्याला एक वही लागते, आणि दुसऱ्या दिवशी पायात चपला सरकवण्याची तयारी.

परत आल्यावर पहिल्या बुधवारी मी आमच्या गल्लीतल्या एका निवृत्त शिक्षिकेकडे गेले. त्यांनी मला चौथीत शिकवले. जागेच्या भांडणात त्या पलीकडच्या बाजूच्या. दार उघडायला त्यांना वेळ लागला, आणि मला पाहून त्या काही बोलल्या नाहीत. मग आत जाता जाता कानडीत म्हणाल्या, "बा, कूडु." ये, बस. आम्ही भांडणाबद्दल बोललो नाही. त्यांच्या डोळ्यांचे ऑपरेशन व्हायचे आहे, वाचता येत नाही, म्हणून मी एक अध्याय वाचला. त्यांना आईची आठवण आली, मलाही आली. सूनबाईने चहा आणला आणि तीही दोन मिनिटे टेकली.

रात्री साडेआठला अक्काचा फोन यायच्या आधी मीच केला.

"आज आम्ही दोघीच होतो," मी म्हटले.

पलीकडे क्षणभर शांतता. मग अक्काने विचारले, "बरं. आणि कोण आलं नाही?"

मी नावे सांगू लागले. ती बरीच निघाली.